अडतिशीतली सुरुवात : रन द ज्वेल्सची गोष्ट

3 जून 2020 हा दिवस आमच्याकडे बहुतेकांना आठवतो तो निसर्ग चक्रीवादळामुळे. दुपारी वादळ अलिबागजवळ किनाऱ्याला धडकलं आणि पुण्यातही दिवसभर वारा आणि पाऊस यांनी झोडपून काढलं. आमच्या सोसायटीतली वीज गेली ती रात्री उशिरापर्यंत आली नाही. मला नोकरीला लागून एक वर्षही झालं नव्हतं. लॉकडाऊनमुळे ऑफिस घरात आलेलं, लॅपटॉपची बॅटरी संपलेली, मॅनेजरला तसा मेसेज टाकून मी अंधारात बसलो होतो. फोनमध्ये चाळीस टक्के चार्जिंग. तेवढ्यात कळलं, रन द ज्वेल्सचा चौथा अल्बम आला. जाहीर तारीख 5 जून होती, त्यांनी दोन दिवस आधीच सोडला. आणि नेहमीप्रमाणे फुकट.

मोबाइल डेटावर उतरवून घेतला आणि हेडफोन लावून ऐकला. चाळीसेक मिनिटांचा अल्बम. सहाव्या ट्रॅकवर किलर माइकचं एक कडवं येतं. पोलिस एका माणसाचा गळा आवळतायत, तो श्वास घेता येत नाही म्हणून विनवतोय आणि आपण सगळे घरात बसून ते टीव्हीवर बघतोय, असं ते कडवं. मिनियापोलिसमध्ये जॉर्ज फ्लॉइडला मारलं 25 मे रोजी. म्हणजे नऊ दिवस आधी. मी हिशोब करत बसलो, की नऊ दिवसांत यांनी लिहिलं कधी, रेकॉर्ड कधी केलं, मिक्स कधी केलं?

त्यांनी ते नऊ दिवसांत केलंच नव्हतं. ते कडवं फ्लॉइडच्या मृत्यूच्या कितीतरी महिने आधी रेकॉर्ड झालं होतं. त्यामागे होता एरिक गार्नर. 2014च्या जुलैमध्ये न्यूयॉर्कच्या स्टेटन आयलंडमध्ये पोलिसांनी गळा आवळल्यामुळे मेलेला माणूस. त्याचेही शेवटचे शब्द तेच होते. सहा वर्षं जुन्या मृत्यूवर लिहिलेलं गाणं ताज्या बातमीसारखं ऐकू आलं, कारण बातमी बदललीच नव्हती. सॉफ्टवेअरमध्ये आम्ही म्हणतो, जुना बग पुन्हा आला. इथे तो कधी गेलाच नव्हता.

हे दोघे कोण, आणि इथवर कसे आले, हे मी त्या रात्रीनंतर नीट शोधायला लागलो. गाणी माहीत होती, माणसं नव्हती.

---

रॅपविषयी आपल्याकडे एक ठरलेलं चित्र आहे आणि 'गली बॉय'ने ते पक्कं केलं. वीस-बावीस वर्षांचा पोरगा, गरिबी, वही, राग, एक संधी. चित्र खोटं नाही. पण ते एवढं ठसलंय, की रॅप हा तरुणांचाच खेळ आहे असं आपण धरून चालतो. रन द ज्वेल्सचा पहिला अल्बम आला तेव्हा दोघेही 38 वर्षांचे होते. दोघांच्याही मागे एक-एक पूर्ण कारकीर्द होती. आणि खरं सांगायचं तर दोघांच्याही कारकिर्दी तेव्हा थकलेल्या होत्या.

किलर माइक म्हणजे मायकल रेंडर. जन्म 20 एप्रिल 1975, अटलांटा. शहराच्या पश्चिमेकडच्या अ‍ॅडम्सव्हिल भागात तो मुख्यतः आजी-आजोबांच्या घरी वाढला. वडील पोलिसात. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. मोरहाउस कॉलेज हे कृष्णवर्णीयांचं नामवंत कॉलेज, मार्टिन ल्यूथर किंग तिथलेच. माइक तिथे गेला, पण पदवी पुरी केली नाही.

अटलांटामध्ये तेव्हा 'डंजन फॅमिली' नावाचा गोतावळा होता. एका निर्मात्याच्या आईच्या घराच्या तळघरात मातीच्या जमिनीवर स्टुडिओ थाटलेला, म्हणून नाव डंजन, तळघर. आउटकास्ट आणि गुडी मॉब तिथून आले. दक्षिणेकडच्या रॅपला तेव्हा न्यूयॉर्कवाले गावठी समजत. 1995च्या सोर्स पुरस्कारांत न्यूयॉर्कमध्ये आउटकास्टला नवोदितांचा पुरस्कार मिळाला, तर प्रेक्षकांनी हुर्यो उडवली. आंद्रे 3000 ने माइकसमोर उभं राहून सांगितलं, की दक्षिणेलाही काही म्हणायचंय. हा प्रसंग हिपहॉपच्या इतिहासात पुनःपुन्हा सांगितला जातो, आणि आपल्या गोष्टीत त्याचं महत्त्व वेगळंच आहे. पुढे जी जोडी जमली, ती याच दोन गावांची.

माइक पहिल्यांदा जगाला ऐकू आला तो 2000 सालच्या आउटकास्टच्या 'स्टँकोनिया' अल्बमवर. लगेच पुढच्या वर्षी त्यांच्याबरोबर केलेल्या 'द होल वर्ल्ड'ला 2003मध्ये ग्रॅमी मिळालं. त्याच वर्षी स्वतःचा पहिला अल्बम 'मॉन्स्टर', मोठ्या लेबलकडून. इथवर 'गली बॉय'ची पटकथा बरोबर चालते. मग ती बिघडते. दुसरा अल्बम तयार झाला, पण लेबलकडे अडकून पडला. माइकने स्वतःच छोट्या पातळीवर अल्बम काढायला सुरुवात केली. 2006, 2008, 2011, अशी एक मालिका. जाणकार ऐकत होते, बाकीच्यांच्या लेखी तो 'आउटकास्टच्या त्या गाण्यातला तिसरा माणूस' होता. 2011मध्ये त्याने बायकोबरोबर अटलांटात केशकर्तनालय उघडलं. ग्रॅमीवाला रॅपर न्हाव्याचं दुकान चालवतोय, असं म्हणून कुणी हसलंही असेल. पण दुकान झकास चाललं आणि पुढे एका सिनेटरने तिथेच बसून मुलाखत दिली. तिकडे येऊच.

---

एल-पी म्हणजे जेमी मेलीन. जन्म 2 मार्च 1975, ब्रुकलिन. माइकपेक्षा बरोबर 49 दिवसांनी मोठा. गोरा, वडील जॅझ पियानोवादक. नव्वदच्या दशकात त्याने 'कंपनी फ्लो' हा गट काढला आणि 1997मध्ये 'फनक्रशर प्लस' आला. हा अल्बम मला पहिल्या वेळी अजिबात आवडला नव्हता. बीट जणू गंजलेल्या यंत्राचे, शब्द एकमेकांच्या अंगावर चढलेले. तिसऱ्या-चौथ्या वेळी कळायला लागलं, की ही गर्दी मुद्दाम केलेली आहे. न्यूयॉर्कच्या भूमिगत रॅपमध्ये तो अल्बम पायाचा दगड मानतात.

तो निघाला रॉकस नावाच्या लेबलकडून. 'स्वतंत्र' म्हणवणाऱ्या या लेबलमध्ये पैसा होता माध्यमसम्राट रूपर्ट मरडॉकच्या मुलाचा. एल-पीचं त्यांच्याशी वाजलं. तो बाहेर पडला आणि त्याने स्वतःचं लेबल काढलं, डेफिनिटिव्ह जक्स. 2001मध्ये कॅनिबल ऑक्सचा 'द कोल्ड व्हेन', संपूर्ण निर्मिती एल-पीची. 2002मध्ये त्याचा स्वतःचा 'फँटॅस्टिक डॅमेज'. एसॉप रॉक, मिस्टर लिफ, आरजेडी2 अशी मंडळी याच घरातली. पाच-सात वर्षं त्या लेबलचा शिक्का म्हणजे एका विशिष्ट श्रोत्यासाठी खात्री होती.

मग सीडीचा धंदा बसला. लोक गाणी इंटरनेटवरून उतरवू लागले आणि छोट्या लेबलांना तो मार आधी बसला. 2008मध्ये एल-पीचा जवळचा मित्र आणि लेबलमधला सहकारी कॅमू ताओ फुप्फुसाच्या कर्करोगाने गेला. फेब्रुवारी 2010मध्ये एल-पीने जाहीर केलं, की लेबलचं काम थांबवतोय. तेव्हा तो पस्तिशीला टेकलेला होता. दहा वर्षं उभी केलेली गोष्ट बंद, मित्र गेलेला, आणि ज्या पद्धतीने पैसा येत होता ती पद्धतच संपलेली.

या ठिकाणी मी जरा थांबतो, कारण माझं या गोष्टीशी नातं इथेच जुळलं. गेल्या वर्षी आमची अख्खी टीम एका मीटिंगमध्ये बंद झाली. तीन वर्षं जे बनवत होतो ते 'आता प्राधान्यात नाही' असं कळलं, पंचवीस मिनिटांत. मला पुढे दुसरं काम मिळालंही, तक्रार नाही. पण आमच्या धंद्यात अठ्ठाविसाव्या वर्षीच माणूस वयाचा हिशोब करायला लागतो. पस्तिशीच्या आत मॅनेजर व्हा, नाहीतर नवीन पोरं स्वस्तात मिळतात, हे कँटीनमधलं तत्त्वज्ञान. त्या रिकाम्या दोन महिन्यांत मी 'रन द ज्वेल्स'च्या आधीचे हे सगळे अल्बम क्रमाने ऐकले. यश मिळण्याआधीचे नाहीत, तर पहिलं यश ओसरल्यानंतरचे. असले अल्बम सहसा कुणी ऐकत नाही.

---

दोघांची गाठ घालून दिली ती कार्टूनवाल्या माणसाने. कार्टून नेटवर्कवर रात्री मोठ्यांसाठी जो 'अडल्ट स्विम' हा भाग चालतो, तिथला अधिकारी जेसन डिमार्को. 2011मध्ये त्याने एल-पीला सुचवलं, की माइकबरोबर काहीतरी कर. एल-पी स्वतःच्या अल्बमात गुंतला होता, एक-दोन गाणी करून परतायचा बेत होता. अटलांटात स्टुडिओत बसल्यावर माइकने हट्ट धरला, की करायचा तर सगळा अल्बम तूच कर.

हा हट्ट साधा नव्हता. दक्षिणेतल्या रॅपरने सगळा अल्बम न्यूयॉर्कच्या एका गोऱ्या, भूमिगत, कर्कश निर्मात्याच्या हाती देणं म्हणजे दोन्हीकडच्या श्रोत्यांना दुखावण्याची सोय. याला एक जुना दाखला होता. 1990मध्ये आइस क्यूब एनडब्ल्यूए सोडून लॉस एंजेलिसहून न्यूयॉर्कला गेला आणि पब्लिक एनिमीच्या बॉम्ब स्क्वाड या निर्मात्यांकडून अल्बम करून घेतला. किनारे बदलल्यावर त्याचा आवाज मोठा झाला. माइकच्या बाबतीत तेच झालं.

'आर.ए.पी. म्युझिक' 15 मे 2012 रोजी आला. एल-पीचा 'कॅन्सर फॉर क्युअर' बरोबर एका आठवड्याने, 22 मे रोजी. तो कॅमू ताओला अर्पण केलेला. माइकच्या अल्बमवरचं 'रेगन' हे गाणं अजून मला त्याचं सर्वांत चांगलं गाणं वाटतं. ऐंशीच्या दशकातलं अमली पदार्थांविरुद्धचं 'युद्ध', इराण-काँट्रा प्रकरण, तुरुंगांतली गर्दी हे सगळं तो एका मोहल्ल्यातल्या मुलाच्या नजरेतून सांगतो. त्याचा आवाज चर्चमधल्या उपदेशकाचा आहे, भरदार. आपल्याकडे एखादे कीर्तनकार आख्यान रंगात आल्यावर सूर चढवतात तसा. आणि एल-पीचे बीट त्या आवाजाला बसायला मऊ जागाच देत नाहीत. म्हणून तो उभाच राहतो.

दोघे एकत्र दौऱ्यावर गेले. दौऱ्यात मैत्री झाली. आणि मग, दोघांच्याही म्हणण्याप्रमाणे, निव्वळ मजा म्हणून एक छोटं काहीतरी करू असं ठरलं.

---

'रन द ज्वेल्स' ही रस्त्यावरच्या लुटारूची भाषा. दागिने काढ, मुकाट्याने दे. शब्द उचलले एलएल कूल जेच्या 1990मधल्या एका गाण्यातून. गंमत अशी, की ते गाणं कीर्ती ओसरून कफल्लक झालेल्या रॅपरबद्दलचा विनोद आहे. म्हणजे ऐन भरात असलेल्या रॅपरने बावीस-तेवीस वर्षांपूर्वी ज्या अवस्थेची थट्टा केली होती, तिच्या जवळपास पोचलेल्या दोघांनी त्यातूनच नाव घेतलं. हे मुद्दाम केलं की नकळत, ते जाऊ दे.

26 जून 2013 रोजी पहिला अल्बम आला. दहा गाणी, तेहतीस मिनिटांच्या आसपास, आणि फुकट. वेबसाइटवर ईमेल द्या, अल्बम घ्या. मुखपृष्ठावर दोन हात. एक पिस्तुलासारखी बोटं रोखलेला, दुसरा मूठ आवळून साखळी धरलेला. बस, तेवढंच. चेहरे नाहीत, नावं नाहीत. लोगो म्हणून याला तोड नाही. मैफलीत हजारो लोक दोन हातांनी हीच खूण करतात. दोन वर्षांनी मार्व्हलने आपल्या कॉमिक्सच्या खास मुखपृष्ठांवर डेडपूलसकट आपल्या पात्रांना हीच खूण करायला लावली.

फुकट का? माझा अंदाज हिशोबी माणसाचा आहे. एल-पीने स्वतःच्या डोळ्यांनी एक लेबल गाण्यांच्या फुकट डाउनलोडमुळे खचताना पाहिलं होतं. जे लोक तसंही चोरणार ते आपण होऊन दिलं, तर निदान चोर पाहुणा होतो. पैसा मग तिकिटांतून, व्हायनल रेकॉर्डमधून, टीशर्टमधून. आम्ही ज्या ओपन सोर्सवर पोट भरतो, त्याचं गणित फार वेगळं नाही. फरक इतकाच, की ओपन सोर्सवाल्यांकडून टीशर्ट कुणी विकत घेत नाही.

पण खरी नवलाई पैशात नव्हती, ती त्यांच्या गाण्याच्या पद्धतीत होती. दोन रॅपर एकत्र आले की सहसा एक कडवं तुझं, एक माझं. हे दोघे ओळीच्या मध्येच एकमेकांच्या तोंडातला शब्द काढून घेतात. एकाचं वाक्य दुसरा संपवतो, जुगलबंदीसारखं. बढाया, शिव्या, अचाट विनोद. पहिल्या अल्बमात गंभीर काही फारसं नाही. चाळिशीला आलेले दोन गडी शाळा सुटल्यासारखे दंगा करतायत आणि तो आनंद ऐकणाऱ्याला लागण होतो. वयाची त्यांना पर्वा नव्हती असं नाही, उलट आता गमावण्यासारखं काही उरलं नाही, हा मोकळेपणा होता.

---

दुसरा अल्बम ऑक्टोबर 2014च्या शेवटी आला आणि दंग्याच्या खाली काय आहे ते वर आलं. त्या उन्हाळ्यात दोन मृत्यू झाले होते. जुलैत एरिक गार्नर. 9 ऑगस्टला मिसूरीच्या फर्ग्युसनमध्ये अठरा वर्षांचा मायकल ब्राउन, पोलिसाच्या गोळीने. पोलिसाचा मुलगा असलेल्या माइकने त्यावर वर्तमानपत्री लेख लिहिला, टीव्हीवर बोलला. 'पोलिसांविरुद्ध' आणि 'पोलिसांच्या बाजूने' अशा दोन पेट्यांत न बसणारा माणूस टीव्हीला परवडत नाही, तरी तो बोलत राहिला.

24 नोव्हेंबर 2014च्या रात्री ग्रँड ज्युरीचा निर्णय आला. गोळी झाडणाऱ्या पोलिसावर खटला नाही. त्या रात्री रन द ज्वेल्सचा कार्यक्रम होता सेंट लुइसमध्ये. फर्ग्युसन हे त्या शहराचंच उपनगर. कार्यक्रम सुरू करण्याआधी माइक बोलायला उभा राहिला. या भाषणाचं कुणीतरी फोनवर केलेलं चित्रण आहे. त्यात तो रडतो. निर्णय ऐकून मी मोडलो, म्हणतो. मला मुलगे आहेत आणि मला त्यांच्यासाठी भीती वाटते, म्हणतो. एल-पी बाजूला गप्प उभा. भाषण संपतं आणि बीट सुरू होतो.

ते चित्रण मी बऱ्याचदा पाहिलंय. माझं लक्ष आता माइकपेक्षा एल-पीकडे जास्त जातं. त्या क्षणी गोऱ्या जोडीदाराने काय करायचं असतं? त्याने काही केलं नाही. नुसता उभा राहिला, आणि वेळ आल्यावर गाणं सुरू केलं.

त्या अल्बममधल्या एका गाण्यावर रेज अगेन्स्ट द मशीनचा झॅक डे ला रोचा आहे. त्याचा व्हिडिओ मार्च 2015मध्ये आला. शे व्हिगम हा गोरा पोलिस आणि लकीथ स्टॅनफिल्ड हा कृष्णवर्णीय तरुण. दोघे रस्त्यावर, गाडीत, मग एका घरात झटापट करत राहतात. गोळी सुटत नाही, कुणी जिंकत नाही. दोघेही दमून एका पलंगाच्या दोन कडांना पाठीला पाठ लावून बसतात. भाषणापेक्षा ते जास्त लक्षात राहतं.

आणि गँग्स्टा बूबद्दल सांगितल्याशिवाय हा अल्बम सोडू नये. त्यावर एक अत्यंत अश्लील गाणं आहे. दोघेही पुरुषी तोऱ्यात वाट्टेल ते बोलतात, आणि शेवटच्या कडव्यात मेम्फिसची ही रॅपर येऊन सगळा डाव उलटवते. जे ते तिच्याबद्दल म्हणत होते तेच ती त्यांच्याबद्दल म्हणते, जास्त मजेत. तिला गाण्यातलं शेवटचं कडवं देण्याइतकी अक्कल त्यांना होती. 1 जानेवारी 2023 रोजी ती वारली.

'पिचफोर्क'ने 2014चा सर्वोत्तम अल्बम म्हणून याचीच निवड केली. पण त्या वर्षातली माझी आवडती गोष्ट दुसरीच. अल्बमच्या आगाऊ नोंदणीत त्यांनी गंमत म्हणून काही अचाट पॅकेज ठेवली होती. त्यात एक, 40 हजार डॉलर द्या, आम्ही सगळा अल्बम मांजरांच्या आवाजांवर परत बनवू. एका चाहत्याने ते खरं धरून वर्गणी सुरू केली आणि 65 हजार डॉलर जमले! आता करणार काय? शब्द दिला होता. 'म्याव द ज्वेल्स' सप्टेंबर 2015मध्ये खरोखर आला, मॅसिव्ह अटॅकचा थ्रीडी आणि पोर्टिसहेडचा जेफ बॅरो यांच्यासारख्यांनी मांजरांच्या गुरगुरण्याचे बीट केले. मिळकत मायकल ब्राउन आणि एरिक गार्नर यांच्या कुटुंबीयांसाठी जाहीर केली. त्या दोन मृत्यूंचा शोक आणि मांजरांचं म्याव एकाच धाग्यात, हे फक्त यांनाच जमावं.

---

पुढची वर्षं घाईने सांगतो, कारण ती यशाची वर्षं आहेत आणि यश सगळीकडे सारखंच असतं. नोव्हेंबर 2015मध्ये माइकने बर्नी सँडर्सला पाठिंबा दिला. वर ज्या दुकानाचं म्हटलं, तिथेच दोघांची लांबलचक मुलाखत झाली. तिसरा अल्बम 2016च्या नाताळात आला, पुन्हा वेळेआधी, पुन्हा फुकट. यात मुखपृष्ठावरचे हात सोन्याचे झाले आणि साखळी गायब. दागिना बाहेर नाही, तुमच्यातच आहे, असा त्याचा अर्थ एल-पीने सांगितला. जून 2017मध्ये ग्लास्टनबरी महोत्सवात त्यांना मंचावर बोलावलं ते ब्रिटनच्या मजूर पक्षाचा नेता जेरेमी कॉर्बिन याने. त्याच महिन्यात 'ब्लॅक पँथर'चा पहिला ट्रेलर आला आणि त्यात त्यांचं गाणं होतं. मी त्यांना पहिल्यांदा ऐकलं ते तिथे. हॉस्टेलच्या खोलीत पाच जण एका फोनवर वाकून ट्रेलर पाहत होतो. रूममेटने विचारलं, पिक्चर जाऊ दे, गाणं कुणाचंय?

मार्च 2018मध्ये माइक चांगलाच अडचणीत आला. बंदूक बाळगण्याच्या हक्काचा तो जुना समर्थक. कृष्णवर्णीयांनी स्वसंरक्षणासाठी बंदूक का सोडू नये, अशी त्याची भूमिका. ती मांडायला तो बंदूकवाल्या लॉबीच्या, एनआरएच्या, वाहिनीवर गेला. ती मुलाखत दाखवली गेली नेमकी शाळकरी मुलांच्या बंदूकविरोधी मोर्चाच्या वेळी. माइकने मुलांची माफी मागितली, मुलाखत त्यांच्याविरुद्ध वापरली गेली म्हणाला. मला हे स्पष्टीकरण अर्धंच पटतं. अशा वाहिनीवर जाणाऱ्याला ते काय करतील हे कळायला हवं.

29 मे 2020 हा दुसरा असा दिवस. फ्लॉइडच्या मृत्यूनंतर अटलांटात जाळपोळ सुरू झाली तेव्हा महापौर कीशा लान्स बॉटम्स यांनी माइकला पत्रकार परिषदेत बोलावलं. अंगात त्यांच्याच गाण्यातला, मालकांविरुद्ध बंडाची भाषा करणारा टीशर्ट. आणि बोलतोय काय, तर घरी जा, स्वतःचं शहर जाळू नका, संघटित व्हा. मी अटलांटाच्या पोलिसाचा मुलगा आहे, हेही त्याने सुरुवातीलाच सांगितलं. डोळे पाणावलेले. अनेकांनी भाषण डोक्यावर घेतलं. अनेकांना वाटलं, की सत्तेने बंडखोराला विझवायला वापरलं. टीशर्ट आणि शब्द यांतलं अंतर कुणाच्याही नजरेत भरणारं होतं.

मला वाटतं दोन्ही खरं आहे. त्यानंतर पाचच दिवसांनी तो अल्बम आला, आणि त्यातला माइक कुणालाही घरी जा म्हणत नाही. एकाच माणसाच्या तोंडचे हे दोन सूर ज्यांना विसंगत वाटतात, त्यांना मी दोष देणार नाही. पोलिसाच्या पोराने पोलिसांवर गाणं लिहिलं की असंच होणार.

चौथ्या अल्बमची कल्पना अशी, की 'यांकी अँड द ब्रेव्ह' ही एक जुन्या धाटणीची टीव्ही मालिका आहे आणि हे दोघे तिचे फरार नायक. न्यूयॉर्कचा बेसबॉल संघ यांकीज, अटलांटाचा ब्रेव्ह्ज. 1995 साली ज्या शहराच्या सभागृहात दक्षिणेची हुर्यो उडवली गेली, त्या शहराचा एक आणि त्या दक्षिणेचा एक, एकाच गाडीत पळतायत. अल्बमवर मेव्हिस स्टेपल्स आहे, नागरी हक्कांच्या लढ्यात डॉ. किंग यांच्याबरोबर गायलेली. तेव्हा ती ऐंशीची होती. तिच्यापुढे हे दोघे पोरंच.

ग्रॅमीने या अल्बमला सर्वोत्तम रॅप अल्बमच्या नामांकनातही घेतलं नाही. 2023मध्ये माइकने 'मायकल' हा एकट्याचा अल्बम काढला, आईच्या आणि आजीच्या आठवणींवर उभा. एका गाण्यात एल-पी आहेच. 4 फेब्रुवारी 2024 रोजी त्याला रॅपची तीन ग्रॅमी मिळाली. त्यातली दोन आंद्रे 3000 सोबतच्या ज्या गाण्याला मिळाली, त्याचं नाव 'सायंटिस्ट्स अँड इंजिनिअर्स'. (नाव ऐकून मी खूश, पण आमच्या व्यवसायाचं त्यात काही नाही.) पहिल्या ग्रॅमीनंतर एकवीस वर्षांनी. आणि त्याच दुपारी सभागृहातल्या सुरक्षारक्षकाशी झालेल्या झटापटीवरून पोलिस त्याला बेड्या घालून घेऊन गेले. पुढे त्याच्यावर खटला चालला नाही.

त्याआधी, 2023मध्येच, पहिल्या अल्बमला दहा वर्षं झाली म्हणून दोघांनी चार शहरांत चार-चार रात्री कार्यक्रम केले. दर रात्री एक अल्बम. त्यांचे फोनवर टिपलेले तुकडे मी पाहिले. एल-पीच्या दाढीत पांढरं दिसतं. माइक मध्येच धापा टाकतो, एल-पी त्याची ओळ पुरी करतो. अल्बममध्येही ते असंच करतात, त्यामुळे दम लागला म्हणून की तालमीत ठरलं होतं म्हणून, सांगता येत नाही.

ट्रेलर पाहिल्यावर त्या रात्री हॉस्टेलमध्ये मी त्यांचा तिसरा अल्बम उतरवून घेतला होता. वेबसाइटने ईमेल मागितला, मी कॉलेजचा दिला, कारण माझ्या खासगी पत्त्यावर आधीच जाहिरातींचा कचरा साचला होता. पास झाल्यावर सहा महिन्यांत कॉलेजने ते खातं बंद केलं. पाचव्या अल्बमचं पत्र आलं तर ते तिकडे जाईल.